हाय-रेझ आवाजात एक अख्खा प्रोग्रेसिव्ह पॉप अल्बम ऐकताना : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

लातूरला माझं मोटार रिवाइंडिंगचं दुकान आहे. दिवसभर हाताला तांब्याची तार आणि वार्निश, रात्री कानाला हेडफोन. दुकानात येणारी पोरं, शिकवणीसाठी उदगीर-निलंग्याहून येऊन शहरात खोली करून राहिलेली मुलं, परभणी-नांदेडचे जुने मित्र, सगळे फिरून फिरून तेच प्रश्न विचारतात. दर वेळी गिऱ्हाईक सांभाळत अर्धवट सांगण्यापेक्षा एकदा नीट लिहून ठेवतो.

प्रोग्रेसिव्ह पॉप म्हणजे नेमकं काय?

पॉप म्हणजे एकदा ऐकली की ओठांवर बसणारी चाल. प्रोग्रेसिव्ह पॉपमध्ये चाल तशीच सोपी राहते, पण मांडणी लांब पल्ल्याची असते. एका गाण्याच्या पोटातून दुसरं निघतं, मध्येच तंतुवाद्यांचा ताफा किंवा समूहगान येतं, आणि स्टुडिओ स्वतःच एक वाद्य होऊन बसतो. बीच बॉइजचा ‘पेट साउंड्स’ (१९६६) आणि बीटल्सचा ‘सार्जंट पेपर’ (१९६७) यांनी ही वाट पाडली. पुढे टेन सीसी, सुपरट्रॅम्प, ॲलन पार्सन्स प्रोजेक्ट, पीटर गॅब्रिएल, केट बुश असे कितीतरी जण तिच्यावरून गेले. यातल्या बऱ्याच कामाला आर्ट पॉप असंही म्हणतात. नावावरून वाद घालण्यात मला रस नाही.

सुरुवात कोणत्या अल्बमपासून करू?

मी केट बुशचा १९८५ सालचा ‘हाउंड्स ऑफ लव्ह’ सांगतो. यातलं ‘रनिंग अप दॅट हिल’ २०२२ मध्ये एका वेब मालिकेमुळे पुन्हा गाजलं आणि ३७ वर्षांनी ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं. त्यामुळे दारातून आत शिरायला एक ओळखीचं गाणं मिळतं.

खरं कारण मात्र त्याच्या रचनेत आहे. आपल्याकडे नारदीय कीर्तनात पूर्वरंग आणि उत्तररंग असतो. पूर्वरंगात अभंगाचं निरूपण, उत्तररंगात आख्यान. हा अल्बम तसाच बांधलेला आहे. पहिल्या बाजूला पाच सुटी गाणी. दुसऱ्या बाजूला ‘द नाइन्थ वेव्ह’ नावाचं सात भागांचं एकच आख्यान: रात्री समुद्रात एकटी तरंगत असलेली बाई, झोप लागली तर बुडणार म्हणून जागं राहण्याची तिची धडपड, आणि शेवटी पहाट. सगळा अल्बम जेमतेम ४७ मिनिटांचा, त्यात आख्यान सुमारे २६ मिनिटांचं. आईवडिलांच्या घरामागच्या कोठारात तिने स्वतःचा स्टुडिओ उभारला होता. घड्याळाकडे न बघता काम करता यावं म्हणून. ती सवड ऐकताना जाणवते.

लॉसलेस म्हणजे काय?

गादी गुंडाळून दोरीने करकचून बांधली तर गाठोडं लहान होतं. सोडली की तीच गादी, तेवढाच कापूस. फ्लॅक आणि ॲपलचं अलॅक या फाइली तशा आहेत. आकार साधारण निम्म्यावर येतो, पण उघडल्यावर एकेक आकडा जागच्या जागी. एमपीथ्रीत मात्र गादी लहान करायला थोडा कापूसच काढून टाकतात. ‘हा तुमच्या कानाला कळणार नाही’ असा अंदाज बांधून काढतात, आणि बऱ्याचदा तो अंदाज बरोबर ठरतो. पण काढलेला कापूस परत भरता येत नाही. एमपीथ्रीवरून फ्लॅक केली तर फाइल फुगते, आवाज तोच राहतो.

१६/४४.१, २४/९६, २४/१९२ हे आकडे काय सांगतात?

दुसरा आकडा म्हणजे सेकंदाला आवाजाची किती हजार मापं घेतली. सीडीत ४४,१००. मापांच्या निम्म्या कंपनसंख्येपर्यंतचा आवाज पुरता पकडता येतो, म्हणजे सीडी २२,०५० हर्ट्झपर्यंत जाते. निरोगी तरुण कानाची हद्द २०,००० हर्ट्झ आणि वयाबरोबर ती खाली येते.

पहिला आकडा प्रत्येक माप किती बारीक पट्टीने घेतलं ते सांगतो. एका बिटला साधारण ६ डेसिबल धरा. १६ बिटला ९६, २४ बिटला १४४. सगळ्यात हळू आणि सगळ्यात मोठ्या आवाजात एवढं अंतर मावतं.

सीडीच्या वरचं सगळं बाजारात हाय-रेझोल्यूशन, थोडक्यात हाय-रेझ, म्हणून विकलं जातं.

भैय्या, खरं सांगा, फरक ऐकू येतो का?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, म्हणून यावर जरा थांबतो.

कमी दर्जाची एमपीथ्री आणि लॉसलेस यांतला फरक येतो, आणि तो कुणालाही दाखवता येतो. हलगी घ्या. टिपरीचा ठोका बसायच्या आधीच्या क्षणी काहीच आवाज नसतो, म्हणून तो अंगावर येतो. एमपीथ्री आवाजाचे छोटे तुकडे करून एकेका तुकड्यावर काम करते. ठोका तुकड्याच्या शेवटी आला तर काटछाटीतली खरखर त्याच्या आधीच्या शांततेत सांडते. ठोका पडायच्या आधीच त्याचा धुरळा उडतो. १२८ केबीपीएसला (सेकंदाला १२८ किलोबिट) हे स्पष्ट कळतं. ३२० ला मला शांत खोलीत, ओळखीच्या गाण्यात, दहातून एखाद-दुसऱ्या जागी कळतं.

सीडीचा दर्जा आणि २४/९६ यांत? इथे मन घट्ट करून ऐका. २००७ साली अमेरिकेत मेयर आणि मोरन या दोघांनी एक चाचणी प्रसिद्ध केली. हाय-रेझ आवाज एकदा जसाच्या तसा आणि एकदा १६/४४.१ च्या गाळणीतून काढून ऐकवला. ५५४ प्रयत्नांत २७६ उत्तरं बरोबर आली. नाणं उडवूनही एवढंच आलं असतं. २०१६ मध्ये लंडनच्या क्वीन मेरी विद्यापीठातल्या जोशुआ रीस यांनी असे १८ प्रयोग एकत्र मांडले, तेव्हा बरोबर उत्तरांचं प्रमाण ५२.३ टक्के निघालं. आधी सराव दिलेल्या लोकांमध्ये ते साठाच्या आसपास गेलं. म्हणजे काहीतरी असेलही, पण फार बारीक. त्यातून १९८५ चा अल्बम. त्या काळच्या चांगल्या स्टुडिओ टेपवर ७०-८० डेसिबलचं अंतर मावायचं. २४ बिटच्या तळाशी तुम्हाला टेपची सरसरच जास्त तपशिलात मिळते.

मग मी हाय-रेझ फाइल का घेतो? कारण अनेकदा ती वेगळ्या मास्टरवरून (विक्रीसाठी तयार केलेली गाण्याची शेवटची प्रत) आलेली असते. आवाज मोठा वाटावा म्हणून चेपून सपाट केलेल्या आवृत्त्या १९९० नंतर सर्रास निघाल्या. मास्टर चांगला असेल तर साध्या सीडीच्या दर्जातही गाणं श्वास घेतं. केट बुशने २०१८ मध्ये जेम्स गथ्री यांच्यासोबत स्वतःचे अल्बम पुन्हा मास्टर केले. कोणता मास्टर, हे आधी विचारा. किती बिट, हे नंतर.

या अल्बममध्ये कान कुठे लावू?

एकच जागा सांगायची तर ‘हॅलो अर्थ’. गाणं भरात असतं, आणि अचानक सगळं गळून पडतं. ढोल नाही, तंतुवाद्यं नाही. त्या पोकळीत खालून पुरुषांचं समूहगान उगवतं, खूप लांबून, घाटापलीकडून यावं तसं. ते जॉर्जिया देशाचं ‘त्सिंत्स्कारो’ हे लोकगीत आहे, रिचर्ड हिकॉक्स सिंगर्स यांनी गायलेलं. तिथे डोळे मिटा. आवाजांच्या भोवतीची जागा ऐका. एकेक गळा वेगळा काढता येतो का बघा, आणि स्वर संपल्यावर त्याची शेपटी कुठपर्यंत जाते ते धरून ठेवा. ती शेपटीच स्वस्त फाइलीत आणि गोंगाटाच्या खोलीत सगळ्यात आधी मरते.

‘वेकिंग द विच’च्या सुरुवातीला तिला जागं करणारी घरच्यांसारखी माणसं डाव्या-उजव्या बाजूने बोलतात. अंधारात हेडफोन लावून ऐकताना मी एकदा खरंच मान वळवली होती. ‘जिग ऑफ लाइफ’मधली आयरिश मंडळी डब्लिनमध्ये ध्वनिमुद्रित केली आहेत. फिडल, पाइप आणि ढोल यांची एवढी दाटी होते की फाइल कच्ची असेल तर नुसती कालवाकालव ऐकू येते.

ब्लूटूथवर चालेल का?

गाणं चालेल, पण बहुतेक वेळा लॉसलेस राहणार नाही. सीडीच्या आवाजाला सेकंदाला १,४११ किलोबिट लागतात. ब्लूटूथवर आवाज लहान करून पाठवायच्या पद्धतींपैकी नेहमीचं एसबीसी ३२८ च्या आसपास, एलडॅक फार झालं तर ९९०. दाराची रुंदीच तेवढी आहे. बसमध्ये ब्लूटूथच बरं, मीही तेच वापरतो. या अल्बमच्या बैठकीला मात्र वायर लावा.

डॅक घ्यावाच लागतो का? एकूण खर्च किती?

डॅक म्हणजे आकड्यांचा विजेत आवाज करणारा भाग. तो प्रत्येक फोनमध्ये असतोच. हेडफोनचं भोक नसलेल्या फोनला यूएसबी-सीची छोटी शेपटी लागते, तीच डॅक. हजाराच्या आसपास चांगली मिळते आणि २४/४८ पर्यंत वाजवते. त्याच्या वरचं जसंच्या तसं वाजवायचं असेल तर जास्त क्षमतेची शेपटी आणि तशी सोय असलेलं ॲप लागतं, कारण अँड्रॉइड बहुतेक वेळा सगळा आवाज मधल्या मधे ४८ वर आणतो.

माझा क्रम: आधी वायरचे चांगले इअरफोन, दीड-दोन हजारांचे. मग शांत खोली. मग लॉसलेस फाइल. डॅक नंतर, आणि हाय-रेझ सगळ्यात शेवटी. घरचे म्हणतात, ‘मोबाईलवर बी वाजतंयच की, कशाला एवढं?’ त्यांना एक इअरफोन द्या आणि ‘हॅलो अर्थ’ लावा. माझ्या मोठ्या बहिणीने दुसऱ्या वेळेस स्वतःहून मागितला.

उन्हाळ्यात कूलरशिवाय बसवत नाही. काय करू?

आपल्याकडचा खरा प्रश्न हा. मे महिन्यात बेचाळीस डिग्रीला कूलर बंद कर असं मी कुणाला सांगू शकत नाही. पण हिशेब समजून घ्या. पत्र्याचा कूलर फुल्ल असेल तर खोलीत साठ डेसिबलच्या आसपास आवाज असतो. गाण्याचा सगळ्यात मोठा आवाज तुम्ही ८५-९० वर ठेवला तर मध्ये उरले तीसेक डेसिबल. फाइलीत ९६ असोत की १४४, त्याच्या खालचं सगळं कूलरने खाल्लं. ‘हॅलो अर्थ’मधली ती दूरची माणसं नेमकी त्यातच जातात. म्हणून लोक आवाज वाढवतात, आणि कानाची वाट लागते. जागतिक आरोग्य संघटनेचा हिशेब लक्षात ठेवा: ८० डेसिबलला आठवड्यात ४० तास, पण ९० ला फक्त ४ तास.

उपाय सोपे आहेत. कूलर आधी तासभर चालवून खोली गार करा आणि अल्बमपुरता बंद ठेवा. नाही जमलं तर रबरी टोप्यांचे, कानात घट्ट बसणारे इअरफोन वापरा. टोपीचं माप चुकलं तर खालचे स्वरही जातात आणि कूलरही आत येतो, म्हणून तिन्ही मापं लावून बघा.

मी ऐकलेली सगळ्यात चांगली खोली कुठली म्हणाल तर औशाकडच्या गावातलं मामाचं माळवद. हात-दीड हात जाडीच्या मातीच्या भिंती, वर लाकडी सरे आणि त्यावर मातीचा थर. दुपारीही आत गारवा, आणि टाळी वाजवली तर ती तिथेच विरते, भिंतीवरून परत येत नाही. सिमेंटच्या रिकाम्या खोलीत तीच टाळी झणझणते. तिथे बाजल्यावर पडून साध्या इअरफोनवर ऐकलेला हा अल्बम मला शहरातल्या महागड्या स्पीकरवर पुन्हा तसा मिळाला नाही. असं घर पाडायला निघाला असाल तर निदान एक खोली राहू द्या.

स्पीकरमधून सतत ‘घूंऽऽ’ असा आवाज येतो. फाइल खराब आहे का?

नाही, हा विजेचा ५० हर्ट्झचा गुणगुणाट. लॅपटॉपचा चार्जर काढून बघा. आवाज गेला तर कारण सापडलं. स्पीकर आणि लॅपटॉप एकाच बोर्डावरून चालवा.

तरीही राहिला तर अर्थिंग बघा. माझ्या घरी हा आवाज दर एप्रिलला यायचा आणि मृगाचा पाऊस पडला की जायचा. एका दुकानाने मला त्यासाठी चार हजारांची केबल गळ्यात मारली. काडीचा फरक पडला नाही. मग डोकं चाललं. आपली काळी माती उन्हाळ्यात भेगाळते आणि अर्थिंगच्या खड्ड्यातल्या पट्टीपासून सुटते. कोरड्या मातीतून वीज नीट जिरत नाही. खड्ड्यात कोळसा-मीठ नव्याने भरलं, दोन बादल्या पाणी ओतलं, आणि त्याच रात्री ‘अंडर आइस’मधले ते तुटक तुटक तंतुवाद्यांचे स्वर कोऱ्या शांततेवर उमटले. रोज मोटारींना अर्थिंग तपासणाऱ्या माणसाला स्वतःच्या घराचं सुचायला तीन उन्हाळे लागले, याची मला खंत आहे. आणि एक हात जोडून सांगतो: गुणगुणाट घालवायला प्लगची अर्थिंगची पिन कधीही तोडू नका. जिवाशी खेळ होतो.

रोजच्या दीड जीबीत बसेल का?

हा अल्बम ३२० च्या एमपीथ्रीत सुमारे ११५ एमबी, सीडी दर्जाच्या फ्लॅकमध्ये ३०० च्या आसपास. २४/९६ ला साधारण एक जीबी, म्हणजे दिवसाच्या पॅकचा दोन-तृतीयांश भाग तिथेच गेला. ॲपल म्युझिकने जून २०२१ पासून जादा पैसे न घेता लॉसलेस द्यायला सुरुवात केली, पण सेटिंगमध्ये जाऊन ते चालू करावं लागतं. घरी वायफाय नसेल तर जिथे असेल तिथे अल्बम डाउनलोड करून घ्या. रेंज गेली की ॲप गुपचूप खालच्या दर्जावर येतं.

गाण्यांच्या मध्ये बारीक खंड पडतो, तो का?

एमपीथ्री बनताना सुरुवातीला आणि शेवटी थोडी शांतता चिकटते. सुट्या गाण्यांना चालतं. पण ‘द नाइन्थ वेव्ह’मध्ये एक भाग दुसऱ्यात वाहतो, तिथे खंड म्हणजे आख्यान रंगात असताना माइक बंद पडणं. फ्लॅकमध्ये ही अडचण मुळात नसते. प्लेअरमध्ये गॅपलेस (गाण्यांमध्ये खंड न पडू देणारी सोय) चालू करा. क्रॉसफेड, शफल, इक्वलायझर आणि ‘सराउंड’ नावाचे सगळे इफेक्ट बंद करा. माझ्या मते लॉसलेसचा सगळ्यात मोठा फायदा हा आहे, आणि त्याबद्दल कुणी बोलत नाही.

फाइल खरी हाय-रेझ आहे की फसवी, कसं ओळखू?

ऑडॅसिटीसारख्या मोफत प्रोग्राममध्ये उघडून स्पेक्ट्रोग्राम (कोणत्या कंपनसंख्येला किती आवाज आहे ते रंगात दाखवणारं चित्र) बघा. आवाजाचा रंग १६ हजार हर्ट्झवर कात्रीने कापल्यासारखा सरळ संपत असेल तर ती मूळची स्वस्त एमपीथ्री. ‘२४/९६’ लिहिलेलं आणि रंग २२ हजारावर सपाट थांबलेला असेल तर सीडीवरून फुगवलेली. पेन ड्राइव्हवर भरून मिळणारा माल बहुतेक असाच असतो, आणि त्यातून कलावंताला एक रुपया जात नाही. विकत घ्या किंवा सदस्यत्व घ्या.

इंग्रजी शब्द कळत नाहीत. तरी ऐकावं का?

ऐकावं. ‘त्सिंत्स्कारो’चे शब्द इंग्रजी श्रोत्यांनाही कळत नाहीत. गोष्ट तेवढी आधी माहीत असू द्या, ती वर सांगितली आहे.

मी हे आख्यान पहिल्यांदा मनापासून ऐकलं ते २०१६ च्या उन्हाळ्यात. मांजरा धरण कोरडं पडलं होतं आणि लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी येत होतं. मी रात्री दोन वाजता घागरी लावून टँकरची वाट बघत ओट्यावर बसलो होतो, एक इअरफोन कानात, दुसरा कान टँकरच्या हॉर्नकडे. समुद्र मी तोवर पाहिलाही नव्हता. चारी बाजूंनी पाणीच पाणी आणि त्यात एकटी जागी असलेली बाई. आमच्याकडे पाणी नव्हतं म्हणून आख्खी गल्ली जागी. त्या रात्री मला एकही शब्द अडला नाही.

पहिल्यांदा ऐकायला कोणती वेळ चांगली?

पहाटेची. मे महिन्यात आपल्याकडे पावणेसहाच्या सुमारास सूर्य उगवतो. पाचला गच्चीवर किंवा खिडकीशी बसा. तेव्हा कूलर लागत नाही, रस्त्यावर वाहन नसतं, फोन कुणाचा येत नाही. पूर्वरंग अंधारात होऊन जातो. ‘हॅलो अर्थ’ येईपर्यंत पूर्वेला फटफटायला लागतं, आणि शेवटचा ‘द मॉर्निंग फॉग’ सुरू होतो तेव्हा समोरच्या घरावरची पाण्याची टाकी स्पष्ट दिसू लागलेली असते.